राजमतीवैनींचं सातचं रडणं

इस्लामपुरातल्या त्या गल्लीत संध्याकाळचे सात वाजले की राजमतीवैनी रडायला बसायच्या. टीव्हीवर गाण्यांची मालिका लागायची. तिच्यातली विधवा बाई भाताला आधण ठेवता ठेवताच सूर लावायची, कुठनंतरी बासरी वाजायची, आणि इकडं वैनींचा पदर डोळ्याला. समोरच्या तानुबाईनं एकदा विचारलंच, "का वं, त्या बाईच्या नवऱ्याचं सुतक तुमी धरलंय व्हय?"

वैनी नुसत्या हसल्या आणि परत टीव्हीकडं वळल्या.

खोटं कशाला बोला, नवरा गेला तेव्हा त्यांना कुणी रडू दिलंच नव्हतं. डोळ्यांत पाणी दिसलं की पाहुण्यांतलं कुणीतरी म्हणायचं, "शोक करू नये, कर्म बांधतं." वैनींनी ऐकलं. पण जैनाघरचं जेवण दिवस मावळायच्या आत. एकदा ओटा पुसला की पुढची संध्याकाळ सरता सरायची नाही. पूर्वी त्या वेळी त्यांचे यजमान अजितकुमार पायरीवर बसून गल्लीची उणीदुणी काढायचे. आता तेवढं गाणं उरलं होतं. गाण्यातल्या बाईसाठी रडलं तर कर्म कुणाला बांधतं, हे पाहुण्यांनी सांगितलं नव्हतं.

मुलगा सन्मती गुणाचा, आणि तेच नडलं. आईला त्रास होतो म्हणून त्यानं सातला प्रवचन लावायला सुरुवात केली. "आई, मन शांत होईल बघ." वैनी चार-दोन दिवस बसल्या. डोळे कोरडे, छातीवर धोंडा. मग एका संध्याकाळी चपला घालून शेजारच्या चांदबीच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या.

"तुझ्याकडं ती मालिका लागती का गं?"

"मी न्हाई बघत. लय रडत्यात त्यात." चांदबीची भाकरी तव्यावर होती. तिनं वैनींच्या तोंडाकडं पाहिलं, गॅस बंद केला, पिठाचे हात पुसले आणि टीव्ही लावला.

गाणं सुरू झालं, तसा वैनींना हुंदका फुटला. चांदबीनं पाठीवर हात ठेवला नाही, उगी म्हटलं नाही. टीव्हीचा आवाज तेवढा वाढवला, पलीकडं सन्मतीला रडणं ऐकू जाऊ नये म्हणून.

"उद्या येऊ का?" वैनींनी दमलेल्या आवाजात विचारलं.

"या की. पर च्या-पाणी इचारायची न्हाई मी. या वक्ताला तुमचं चालत न्हाई."

वैनींनी मान हलवली. घरी प्रवचन चालूच होतं. त्या आणखी थोडा वेळ तिथंच बसल्या.