भिंतीवरची उलटी सावली

आमच्या गुप्त मंडळात आम्ही पाच जण होतो आणि त्या पाचांत प्रकाशाचे नियम ठाऊक असलेली मी एकटी. त्या काळी हे वाक्य मी मनाशी अभिमानाने म्हणत असे. आज ते कागदावर उतरवते आहे ते कबुली म्हणून.

युद्ध चालू होते. मी सांगलीच्या कॉलेजात पदार्थविज्ञान शिकत होते आणि सुट्टीत आष्ट्याजवळच्या आमच्या गावी येत असे. पोलिसांना बातम्या पुरवणाऱ्यांचा आणि हातभट्टीवाल्यांचा बंदोबस्त आजूबाजूच्या गावांत मारहाणीने होई. मंडळाचे प्रमुख आमच्या शाळेचे गुरुजी. त्यांना मारहाण मान्य नव्हती. "लोक माणसाला जुमानत नाहीत, देवाला जुमानतात," असे ते म्हणत. त्यासाठी साधन मी दिले.

देवळाचा सभामंडप अंधारा होता. मावळतीकडची खिडकी आम्ही फळ्यांनी बंद केली आणि एका फळीला ज्वारीच्या दाण्याएवढे भोक पाडले. सकाळच्या उन्हात बाहेर उभ्या राहिलेल्या माणसाचे प्रतिबिंब त्यातून आत येई आणि समोरच्या चुन्याच्या भिंतीवर उलटे पडे, डोके खाली, पाय वर. गाव त्याला सावली म्हणू लागले. गावचे पंच आत बसत. बाहेर गुरुजी एकेकाचे नाव पुकारून त्याला खिडकीसमोर उभे करीत. भिंत कोरी राहिली तर देवाने त्याला सोडले. सावली उलटी टांगली गेली तर तो दोषी. भोकावरच्या पत्र्याच्या झडपेची दोरी शेजारच्या पालखीच्या खोलीत माझ्या हाती असे. गुरुजी दोनदा खोकले की मी ती ओढून झडप उघडायची.

याचा परिणाम झाला, हे नाकारून चालणार नाही. एका भट्टीवाल्याने आपली पाळी येण्याआधीच मडकी फोडली. मी वहीत प्रयोग, निरीक्षण, अनुमान अशा तीन रकान्यांत सगळे टिपून ठेवत असे. अंधश्रद्धेच्या हातून सुधारणा घडवून आणता येते, असे माझे अनुमान होते.

कवठे महांकाळकडून मेंढरे घेऊन आलेला एक म्हातारा धनगर आमच्या गावाच्या कडेला स्थायिक झाला होता. त्याचा एकुलता मुलगा पलटणीत होता. एका सकाळी तो आमच्या दारात उभा राहिला. मी अंगणात झडपेचा पत्रा कापत होते.

"ताई, पलटणीतनं कागद आलाय. विंग्रजी हाय. जरा वाचून दावा की."

"उद्या या, बाबा. आत्ता हात गुंतलेत."

"व्हय, व्हय. कागद काय पळून जात न्हाई."

दुसऱ्या दिवशी मी नव्या पत्र्यासाठी सांगलीला गेले. दोन पानांचा तो कागद वाचायला मला पाच मिनिटे लागली असती.

तिसऱ्या दिवशी गुरुजींनी सांगितले, "म्हातारा काल पोलीस चौकीत शिरताना दिसला. परवा निकाल लावू." तो चौकीत कशाला गेला, हे मी विचारले नाही. विचारणे हेच ज्याचे शिक्षण, त्या विषयाची मी विद्यार्थिनी होते.

निकालाच्या दिवशी म्हाताऱ्याचे नाव पुकारले गेले. खोकला दोनदा ऐकू आला. मी दोरी ओढली आणि दाराच्या फटीतून भिंतीकडे पाहिले. म्हातारा उलटा लटकत होता. त्याच्या हातात एक पांढरा चौकोन दिसत होता. तो कागद होता. तो चौकीत का गेला, हे मला त्याच क्षणी कळले.

दोरी सोडून मंडपात जाऊन मला खरे सांगता आले असते; पाऊलभर अंतरावर सगळे पंच होते. पण मग झडप दाखवावी लागली असती, मंडळ उघडे पडले असते, आणि शिकलेल्या मुलीने देव खोटा केला असे गाव म्हणाले असते. हा हिशेब करायला मला एक श्वासही लागला नाही. मी दोरी घट्ट धरून राहिले.

त्याला वाळीत टाकले. विस्तव बंद, पाणी बंद.

संध्याकाळी मी एकटी त्याच्या खोपटाशी गेले. कागद मागितला.

"चौकीत गेलतो वाचून घ्यायला," तो म्हणाला. "हवालदार म्हनला, आधी मंडळातल्यांची नावं सांग, मग वाचतो. म्या म्हनलं, सायब, मला मेंढरांची नावं ठावं हायती, मानसांची न्हाई. हाकललं मला."

मी पत्र वाचले. मुलगा इस्पितळात वारला होता. मी ते मराठीत सांगितले. माझा आवाज वर्गात उत्तर देतानाच्या आवाजासारखा होता, हे मला आजही आठवते.

त्याने कागद परत घेऊन त्याची घडी घातली. मग म्हणाला, "तुमी शिकल्यासवरल्या. देवानं मला उलटं का दावलं असंल? काय चुकलं माझं?"

मला उत्तर माहीत होते. ज्वारीच्या दाण्याएवढे होते. मी म्हटले, "मला नाही सांगता येत, बाबा."

आमच्याकडे मयताच्या घरी चूल पेटत नाही. शेजारपाजारची माणसे कडू घास म्हणून पिठलं-भाकरी नेऊन देतात. त्याच्याकडे कोणी जाणार नव्हते. आईने भाकऱ्या थापल्या आणि फडक्यात बांधून माझ्या हाती दिल्या. मी परत गेले.

त्याने गाठोड्याला हात लावला नाही.

"माघारी न्या, ताई. माझ्यावर बंदी हाय. तुमच्या घराला बोल लागंल. देवाचा निकाल माझ्यापायी मोडू नगासा."

मी तिथे उभी होते. सांगायला ती शेवटची वेळ होती, आणि ते मला कळतही होते. मी गाठोडे उचलले.

घरी आईने विचारले, "घेतलं त्यांनी?"

"हो," मी म्हणाले.

वाटेत ओढ्याकाठी मी ते कुत्र्यांपुढे टाकले होते. दोन दिवसांनी मेंढरे घेऊन तो उगवतीकडे निघून गेला. ती वही अजून माझ्याजवळ आहे. त्या दिवसाखालचे तिन्ही रकाने कोरे आहेत.