नौतमलालचा छुंदा

आमच्या गल्लीत नौतमलालइतका न दमलेला माणूस दुसरा नाही. जामनगरात मी अडतीस वर्षं पितळ ओतलं. तो तेवढीच वर्षं तेलगिरणीच्या कचेरीत पंख्याखाली बसला. तुम्ही मजूर लोक घाम गाळता, डोकं चालवत नाही, असं तो मला अजूनही ऐकवतो.

दर उन्हाळ्यात त्याच्या घरचा छुंदा गल्लीभर वाटला जायचा. आमचा छुंदा, असं तो म्हणायचा. कैऱ्या किसायची मुक्ताबेन, त्याची बायको. मीठ-हळद चोळून, साखर घालून पातेलं गच्चीवर न्यायचीही तीच. तोंडाला मलमल बांधायची, रोज सकाळी ढवळायची, दव पडायच्या आत खाली आणायची. बावीस पायऱ्या. आठ-दहा दिवसांत एकतारी पाक झाला की मग तिखट आणि जिरं. माझी गच्ची लागूनच आहे, सगळं दिसायचं. नौतमलाल तेव्हा खाली झोपलेला असायचा.

मुलगी हेतल नैरोबीला दिलेली. मे महिन्यात येते, जाताना छुंदा नेते. लग्नाला एकोणीस वर्षं झाली, एकही वर्ष चुकलं नव्हतं.

यंदा मुक्ताबेन न्हाणीत पडली, खुब्याचं हाड मोडलं. तरी खाटेवर बसून तिनं आठ किलो कैरी किसली. वर्ष चुकवायचं नव्हतं. राहिलं होतं ते फक्त गच्चीवरचं काम. ते तिनं नवऱ्याला तीनदा समजावलं.

पहिल्या दिवशी तो पातेलं घेऊन वर आला आणि धापा टाकत कठड्याला टेकला. मलमल दिसेना. वर पितळेची थाळी झाकलेली होती.

मी म्हटलं, "नौतमभाई, वाफ कुठून जाणार? फडकं बांधा."

"फडकं कावळे ओढतात. थाळी ठेवली की रोज वर-खाली करायला नको. काम सूर्याचं आहे, आपलं काय?"

माझ्या हाताखाली असता तर अर्ध्या दिवसाची रजा लावून घरी पाठवला असता. पण पातेलं त्याचं, बायको त्याची. संध्याकाळी मुक्ताबेनला सांगायला गेलो, तर हा दारातच उभा. ती झोपली आहे म्हणाला. मी परत फिरलो. दुसऱ्या दिवशी पुन्हा जायला हवं होतं.

थाळीखाली वाफ धरायची आणि थेंब परत पाकात पडायचे. चार रात्री पातेलं वरच राहिलं. पाचव्या दिवशी वर बुरशीची पांढरी लव. त्यानं ती चमच्यानं काढली, कठड्यापलीकडे टाकली आणि पातेलं खाली नेऊन गॅसवर ठेवलं. तेही नीट नाही. मोठ्या आचेवर ठेवून पेपर वाचत बसला असणार. सात बरण्या भरल्या आणि गल्लीत सांगितलं, यंदा मी एकट्यानं केला.

हेतल निघायच्या आदल्या दिवशी मी त्यांच्या घरीच होतो. मुक्ताबेननं बरणी मागवून घेतली. चमचा आत जाईना. जोर लावला तेव्हा चिक्कीसारखा तुकडा निघाला. तो तिनं जिभेवर ठेवला.

"हेतलचे बापुजी, हा उन्हातला नाही. उकळलाय."

नौतमलाल म्हणाला, यंदा ऊनच कमी होतं. जामनगरात, मे महिन्यात.

मुक्ताबेननं बरणी बाजूला सारली. हेतलला म्हणाली, "बेटा, हा नेऊ नकोस. तुझ्या घरी माझ्या नावानं हा जायला नको."

हेतल म्हणाली, आई, राहू दे, यंदा नाही तर नाही. मुक्ताबेननं भिंतीकडे तोंड केलं. मोडल्या हाडानं जी रडली नव्हती, ती तेव्हा रडली.

हेतल रिकाम्या हातानं गेली.

बरण्या फेकायला मात्र मुक्ताबेननं मनाई केली. आता ती काठी घेऊन चुलीपर्यंत चालते. रोज सकाळी नौतमलालच्या थाळीत थेपल्याशेजारी त्या छुंद्याचा खडा फोडून ठेवते आणि तो संपेपर्यंत समोर बसते. सहा बरण्या बाकी आहेत. तो चावतो तो आवाज माझ्या ओट्यावर ऐकू येतो. जन्मात पहिल्यांदा काही मेहनत करतोय.