वसुंधराबाई कधी जाणार?

शूटिंगमध्ये अभिनय थोडा आणि वाट बघणंच फार. कधी लाइट लागायचे असतात, कधी सीन लिहून यायचा असतो. तेवढ्या वेळात आम्ही कलाकार एकमेकांना घाबरवत बसतो. माझ्याकडचे किस्से असेच साठलेत. बहुतेक सगळे भीतीचे!

मी सिसिल, उमेळे गावची. सिनेमात बरीच वर्षं हिरोईनची मैत्रीण होते. मग टीव्हीवर एकदम सासूच झाले. सिरीयलमधलं नाव वसुंधराबाई. शूटिंग राजोडीजवळच्या एका बंगल्यात. सासूचं काम म्हणजे पक्कं, असं लोकांना वाटतं. छे! टीआरपी पडला की मरायच्या लाइनीत पहिली सासूच!

*

पॅकअप झाल्यावर एकदा राजोडीला मासळी घ्यायला गेले. कोळीणबाईंनी मला ओळखलं आणि पाटीवर चक्क फडकं टाकलं.

"सुनेला पानी पन देत नाय तू, आनि तुला ताजा पापलेट पायजे?"

"अहो मावशी, ते सगळं खोटं असतं!"

"मग कालचा घे!"

कालचाच घेतला. मनात म्हटलं, शिव्या पडतायत तोवर नोकरी आहे.

*

एका रविवारी सेटवरून धावतपळत थेट चर्चमध्ये मिस्साला पोचले. कपाळावर वसुंधराबाईंचं रुपयाएवढं कुंकू तसंच! मिस्सा संपल्यावर फादरांनी बाजूला बोलावलं.

"फादर, माफ करा, पुसायचं राहिलं."

"ते असू दे." फादरांनी आजूबाजूला बघितलं आणि आवाज खाली आणला. "धाकट्या सुनेला घराबाहेर काढणार का गं?"

*

मग टीआरपी खरंच पडला. एका सकाळी सेट सजवणाऱ्या आर्टवाल्यांचा फोन.

"मॅडम, तुमचा एक छान हसरा फोटो पाठवा ना. मोठा करायचाय."

हसरा, मोठा, भिंतीवरचा! हिंमत करून विचारलं, "हार घालायला नाही ना?"

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज.

"सध्या नाही, मॅडम."

*

पुढच्याच आठवड्यात वसुंधराबाई जिन्यावरून पडल्या आणि कोमात गेल्या. मी रोज मेकअप करून पलंगावर डोळे मिटून पडायची. कॅमेरा बंद झाला की लेखक आणि डिरेक्टर माझ्या उशाशीच चर्चा करायचे. "उठवूया?" "नको, खर्च वाढेल." "मग घालवूया?"

मी कान टवकारून निपचित. शेवटी डिरेक्टर वैतागले. "ताई, कोमात एवढं टेन्शन घेऊ नका! क्लोजअपला आठ्या दिसतायत!"

*

आणि वसुंधराबाई गेल्या. हातातलं काम गेलं, पण त्याहून मोठी धास्ती आईची. ती उमेळ्याला एकटी राहते. नुकतंच हृदयाचं ऑपरेशन झालेलं. "धक्का बसू देऊ नका," असं डॉक्टरांनी बजावलेलं. पडद्यावर का होईना, पोटची मुलगी तिरडीवर दिसणार! तिला आधीच सांगावं म्हटलं, तर प्रॉडक्शनची सक्त ताकीद, कुणाजवळ बोलायचं नाही.

एपिसोड संध्याकाळी लागला. तो संपता संपता मी विरारच्या माझ्या घरून तिला फोन केला. नुसती रिंग. पुन्हा केला, पुन्हा तेच. आईच्या शेजारची मार्था मावशी, तीही उचलेना. रिक्षा केली. ड्रायव्हरला म्हटलं, "जरा जोरात घ्या ना, आई एकटी आहे."

घराच्या वळणावर उतरले. दाराबाहेर चपलांचा ढीग. आतून रोजरीच्या प्रार्थनेचा आवाज. आमच्या गावात अवेळी असा ढीग दिसला की विचारायचं काही राहत नाही. तरी मी तोंडातल्या तोंडात "आई, आई" करत कशीबशी दारापर्यंत गेले.

आत मेणबत्ती पेटलेली. मार्था मावशी डोळे पुसत होती. सगळी आळी गुडघ्यांवर. आणि मधोमध, हातात माळ घेऊन, खणखणीत आवाजात प्रार्थना सांगत होती माझी आई!

तिनं मला बघितलं. प्रार्थना न थांबवता जरा सरकली, चटईवर जागा केली आणि हळूच म्हणाली, "बस गं. तुझ्यासाठीच चाललंय."