धाडीला निघताना

वाळू काढायला परवाना लागतो, न्यायला पास लागतो. किश्श्यांना काहीच लागत नाही, म्हणून आमच्या तहसील ऑफिसात त्यांचेच ढीग आहेत. मी तलाठी. वाळूच्या पथकात नाव लागलं तेव्हा नवरा म्हणाला, "ऑफिसातले पुरुष संपले काय?" म्हटलं, "आहेत की. पण त्यांना घरून सोडत नाहीत."

*

आमचे साहेब, म्हणजे नायब तहसीलदार, भारी देवभोळे. ऑफिससमोरच्या मारुतीला नारळ फोडल्याशिवाय धाडीची जीप हलायची नाही. भर बाजारात, सगळ्यांदेखत. मग प्रत्येकाच्या हातावर खोबऱ्याचा तुकडा. आमचे ड्रायव्हर भोईरकाका म्हणायचे, "मॅडम, खाऊन घ्या. दुपारचं जेवण नशिबात असेल तर असेल."

*

एकदा खरवईजवळ डंपर अडवला. मागून पाणी गळतंय आणि ड्रायव्हर सांगतोय, "मॅडम, नदी का नहीं है, क्रशर का माल है."

भोईरकाका वर चढले आणि मूठभर वाळूबरोबर एक तडफडणारा मासा खाली टाकला. "हा पण क्रशरमध्येच बनवता काय रे?"

तो पठ्ठ्या शांतपणे म्हणाला, "साब, ऊपर से गिरा होगा."

*

सोनिवलीला दुसरा डंपर थांबलाच नाही. मी रस्त्यात हात दाखवत उभी, आणि तो स्पीड वाढवतोय. भोईरकाकांनी मध्ये जीप आडवी घातली. जीपचा दरवाजा चेपला, काकांचा खांदा निखळला.

दवाखान्यात मला रडू आवरेना. काका म्हणाले, "रडू नका. खांदा माझा आहे, दरवाजा सरकारी. बघा, रिपोर्टात आधी दरवाजाच येईल."

तसाच आला. त्या माणसाचे उपकार मी जन्मात विसरणार नाही.

*

नंतर नदीवर काही सापडेचना. आम्ही पोचावं तर वाळू उपसणारे पंप गायब, चूल मात्र अजून गरम. जांभूळकडच्या एका म्हातारीचं शेत काठाकाठाने नदीत ढासळत होतं. ती मला म्हणाली, "तुमी येता तवा नदीन कोन नसतं. मंग रोजच येवा, माझं शेत तरी वाचंल."



*

कोणीतरी आतून खबर देतंय, हे उघड होतं. नदीकाठच्या गावचा माणूस कोण? भोईरकाका. रिटायरमेंट तोंडावर आलेली, आणि साहेबांनी त्यांच्या निलंबनाचा कागद तयार ठेवला.

मी साहेबांशी भांडले. "साहेब, खांदा मोडून घेतला त्या माणसाने. तो खबर देईल?"

"मग उद्या त्यांना सोडून जाऊ," साहेब म्हणाले. "पंप सापडले, की लगेच सही करतो."

दुसऱ्या दिवशी भोईरकाकांना केबिनबाहेरच्या बाकावर बसवलं. जीप आवारातच ठेवली. आमचे सगळ्यांचे फोन काढून घेतले. भाड्याची स्कूल व्हॅन आणली, आणि कुठे जायचंय ते साहेब व्हॅन सुरू झाल्यावरच सांगणार होते. निघताना मारुतीला नारळ तेवढा फोडला. तो कसा चुकवणार?

काकांनी बाकावरूनच हात केला. खोबरं कोणी दिलं नव्हतं त्यांना. मी सरकारी नोकर, पण वाटेत पहिल्यांदाच मनापासून म्हटलं, देवा, आज नदी रिकामी असू दे.

व्हॅन काठावर थांबली. पंप नाही, होडी नाही, माणूस नाही. फक्त पंपवाल्यांचा मुकादम एका दगडावर ऐसपैस बसला होता. आम्हाला बघून तो उठला, चप्पल बाजूला काढली, आणि देवळात धरतात तसा डाव्या हातावर उजवा हात धरून साहेबांसमोर उभा राहिला.

"प्रसाद आणलात ना, साहेब?"