येसेनियाच्या नावाने

मेदेयीन शहरातल्या एका स्टुडिओत परदेशी पुरुषांसाठी कॅमेऱ्यासमोर कपडे उतरवायची ती येसेनिया. त्यांच्याशी गोड बोलायची ती मात्र नुबिया. येसेनियाला इंग्रजीचा गंध नव्हता. म्हणून छप्पन्न वर्षांची नुबिया पडद्यामागे बसून तिच्या नावाने लाडीगोडी टाइप करायची. एकीचं रूप, दुसरीची जीभ, मालकाचा धंदा जोरात. लाजायचे दिवस केव्हाच सरले होते. भाजी निवडावी तसं नुबिया हे काम करायची.

वॉल्टर नावाचा म्हातारा तेवढा वेगळा. बघून झालं की तो गप्पा मारत बसायचा. सहा वर्षांत नुबियाने येसेनिया बनून त्याला आपलंच आयुष्य सांगून टाकलं होतं. मागच्या महिन्यात तिची आई गेली, तेव्हाही पहिलं त्यालाच लिहिलं. "रडून घे, मी इथेच आहे," त्याने कळवलं. नुबिया रडली नाही, तिचं रडू आटलंच होतं. पण ते वाक्य तिने पुन्हा पुन्हा वाचलं.

मग मालक फाबियानने दोन भिंगांचा कॅमेरा आणला. आता गिऱ्हाईक डोळ्यांवर त्याचा खास चष्मा चढवणार, बाई त्याला जणू हातभर अंतरावर दिसणार आणि तो तोंडाने बोलणार. टाइप केलेलं वाचतंय कोण?

"दोन्या नुबिया, तुम्ही पडद्यामागून हिच्या इयरफोनमध्ये सांगा, ही पोपटासारखी म्हणेल," येसेनियाकडे बोट दाखवत फाबियान म्हणाला. वयाचा मान म्हणून तिथे सगळेच नुबियाला दोन्या, म्हणजे बाई, म्हणायचे. "जमलं तर ठीक, नाहीतर..."

"गरज सरो, वैद्य मरो. कळलं रे बाबा."

नोकरीचं तिला काहीच वाटलं नाही. वॉल्टर आईबद्दल काय बोलतो, एवढ्यातच जीव अडकला होता.

चष्म्यातलं पहिलं गिऱ्हाईक वॉल्टरच. पावडर लावता लावता येसेनियाने विचारलं, "दोन्या, आईचं निघालं तर रडू का? मला छान रडता येतं."

"नको. मी सांगेन तेवढंच म्हण."

वॉल्टरचा आवाज नुबियाने प्रथमच ऐकला. खरखरीत, खुशीतला. तिने वाक्य सांगितलं, येसेनियाने अडखळत म्हटलं, "आई गेल्यापासून घर खायला उठतं."

"आई? कसली आई?" तो हसला. "बोलू नकोस गं. सहा वर्षं ते वाचून वाचून डोळे फुटायची वेळ आली. आता समोर आहेस ना? नुसती बस."

काम संपल्यावर येसेनियाने गाऊन चढवला. "काय म्हणाला हो?"

"सुंदर दिसतेस म्हणाला."

"आणि आईबद्दल?"

"फार वाईट वाटलं म्हणाला."

"बघा! जीव लावणारा माणूस आहे, दोन्या."

"हो," नुबिया म्हणाली.