बटाट्याची खळ

केलरसाहेब वाळत चालले आहेत हे कंपनीच्या डॉक्टरच्या आधी गुणाजी परटाला कळलं. डॉक्टरकडे वजनकाटा होता, गुणाजीकडे साहेबांची पँट होती. सप्टेंबरात त्याने कमरेला एक चुणी घेतली, दिवाळीच्या सुमाराला दुसरी. डिसेंबर उजाडला तेव्हा तिसरीला जागाच राहिली नव्हती.

"मागचे दोन खिसे एकमेकांची गळाभेट घ्यायला आले, मास्तर," तो मला म्हणाला. "आता साहेबाने जेवायला तरी लागावं, नायतर धोतर नेसावं."

मास्तर म्हणजे मी. शिकवत मी कुणाला काही नव्हतो. आखातात, धाहरानच्या तेल कंपनीच्या कॅम्पात स्टोअरचा टायपिस्ट होतो, आणि आमच्या बराकीतल्या सगळ्यांची पत्रं वाचून दाखवायचं काम माझ्या गळ्यात होतं. पोलादपूरच्या शाळेतलं माझं इंग्रजी तिथे साहेबी समजलं जायचं. खरे साहेब जवळ नसले की, अर्थात.

साल सत्याहत्तर. तेलाच्या जोरावर तिथे रोज काहीतरी नवं उभं राहायचं. आज नुसती वाळू, पुढच्या महिन्यात तिथेच तीन मजली टाकी. केलरसाहेब अशाच एका प्लँटचे इंजिनियर. माणूस सज्जन, बोलणं मोजकं. त्यांच्या वाट्याचं बोलणं त्यांच्या मॅडम बोलायच्या. त्या मॅडम पोटाच्या ऑपरेशनसाठी सप्टेंबरात अमेरिकेला गेल्या आणि बंगल्यात बोलणारं कुणी उरलं नाही. प्लँट सुरू होईपर्यंत, म्हणजे जानेवारीपर्यंत, साहेबांना जागचं हलता येत नव्हतं. संध्याकाळी ते टेबलाशी बसायचे, ताटातलं या बाजूचं त्या बाजूला करायचे आणि "व्हेरी गुड, गुणाजी" म्हणून उठायचे.

गुणाजी रेवदंड्याकडचा. वय अठ्ठेचाळीस, अंगाने काटकुळा, हात मात्र वल्ही मारणाऱ्याचे. तीन वर्षांपूर्वी तो कॅम्पाच्या लाँड्रीत आला. तिथे मॅडमनी एकदा एक जुनी टेबलक्लॉथ पाठवली. त्यांच्या आईची. कडेने निळ्या दोऱ्याने कसलीशी चौकोनी अक्षरं भरलेली. लाँड्रीतले बाकीचे ती मशिनीत टाकायला निघाले होते. गुणाजीने ती बाजूला काढून घेतली, कोमट पाण्यात हाताने धुतली, हलकी खळ दिली, उलट्या बाजूने इस्त्री केली आणि घडी घालताना ती अक्षरं आतल्या अंगाला ठेवली. मॅडमनी घडी उलगडली, अक्षरं पाहिली, त्याच्याकडे पाहिलं. आठ दिवसांत त्याला बंगल्यावर बदलून घेतलं.

"कुकिंग येतं?" त्यांनी विचारलं होतं.

"येस मॅडम," गुणाजी म्हणाला. येत होता चहा आणि माशाचं कालवण.

बाकी सगळं मॅडमनी शिकवलं. अंड्याचे चार प्रकार, भाजलेली कोंबडी, पाव. चुकला की त्या ओरडायच्या आणि मग स्वतःच हसायच्या. "आईशिवाय माझ्यावर कोणी एवढं ओरडलं नाय," असं तो कौतुकाने सांगायचा.

ती अक्षरं कसली, हे मी त्याला एकदा विचारलं. त्याने आधी खोलीचं दार लावलं.

"आमच्याकडे शनवारतेली होते, मास्तर. तेलाचा घाणा त्यांचा, शनवारी देवाचा वार म्हणून बंद. शेजारीच घर. त्यांच्याकडे असली अक्षरं भिंतीवर होती. पुढे ते बोटीने गेले त्यांच्या देशाला. हितं त्या देशाचं नावबी घेत नाय कोण. मग मी कशाला घेऊ? परीट सगळ्या घरांचे डाग बघतो. बोलत फिरला तर त्याच्याकडे कपडे कोण टाकेल?"

एवढंच. पुन्हा तो विषय आमच्यात निघाला नाही.

नोव्हेंबरच्या अखेरीला गुणाजीच्या नावावर अमेरिकेतून पत्र आलं. तो ते शर्टाच्या आत ठेवून माझ्याकडे आला. मी वाचून मराठीत सांगू लागलो.

"गुणाजी, माझी तब्येत सुधारते आहे, डॉक्टर मूर्ख आहेत. माझा नवरा फोनवर मला खोटं सांगतो की तो जेवतो. चार डिसेंबरपासून आठ दिवस संध्याकाळी आमच्या घरी दर वर्षी एक पदार्थ होतो. तू सुटीवर असायचास, म्हणून तुला माहीत नाही. त्याची आई करायची, मग मी केला. बाकी काही तो टाकेल, हे टाकणार नाही. चार मोठे बटाटे, एक कांदा, एक अंडं, मीठ, मूठभर पीठ. किसून घे. फडक्यात घालून हात दुखेपर्यंत पीळ. गोळे थापून भरपूर तेलात कडा जुन्या बुटासारख्या तांबूस होईपर्यंत तळ. मऊ झाले तर तो खाणार नाही, आणि तसं तुला सांगणारही नाही. तो भूक नाही म्हणेल, ऐकू नकोस. माझ्याऐवजी हे तू करायचं."

 गुणाजी म्हणाला, "बटाट्याचा कीस. एवढंच ना? आमची घरवाली, बायजाबाई, दर एकादशीला करते."

"त्यात कांदा आहे."

"किसात कांदा?"

"आणि अंडं."

"एकादशीला अंडं!" त्याने दोन्ही कानांना हात लावले.

"अहो, उपास नाही त्यांचा. सण आहे."

"मग ठीक हाय. सणाला चालेल."

चार तारखेला रविवार होता. माझी ड्यूटी संपल्यावर मला त्याने पत्रासकट बंगल्याच्या स्वयंपाकघरात उभं केलं, म्हणजे अडलं तर वाचता येईल. त्याने बटाटे किसले आणि सरळ नळाखाली धरले. दोन पाणी, तीन पाणी, पाणी नितळ येईपर्यंत.

"धुवायचं लिहिलेलं नाही," मी म्हणालो.

"पिळायचं लिवलंय का?"

"हो."

"मग? न धुता पिळतो का कोण? तीस वर्षं धुतोय मी, मास्तर. आधी धुणं, मग पिळणं." वर बायजाबाईचा दाखला होताच. उपासाचा कीस धुतल्याशिवाय मोकळा होत नाही, गिचका होतो.

दोन शास्त्रांचा आधार असल्यावर मी कोण बोलणार? त्याने पंच्यात कीस बांधून असा पिळला की साहेबांची चादर असती तर फाटली असती. कांदा, अंडं, पीठ मिसळलं. मॅडमचा बिडाचा तवा तापवला. गोळा थापून तेलात सोडला आणि उलथनं घालताच त्याचे तीन तुकडे झाले. पुढच्याचे पाच. मग मोडू नयेत म्हणून त्याने पीठ वाढवलं, तेव्हा ते मोडायचे थांबले आणि धिरडी झाली. गुबगुबीत, तेल प्यायलेली.

साहेबांनी ताट पाहिलं. क्षणभर त्यांचा चेहरा उजळला, हे मी दारातून पाहिलं. एक घास घेतला. चेहरा पुन्हा होता तसा झाला. "व्हेरी गुड, गुणाजी."

ताट उचलताना गुणाजीला रुमालात गुंडाळून ठेवलेली अडीच धिरडी मिळाली. 

"रुमाल तेलकट केला," एवढंच बोलला. पण त्या रात्री तो आमच्याबरोबर पत्ते खेळला नाही.

सोमवारी पुन्हा तेच. जिरं घातलं, मिरची वाटून घातली, काही फरक नाही. साहेब त्या दिवशी लवकर आले, म्हणून धुतल्या पाण्याची परात त्याने घाईने सिंकखाली सरकवली. साहेबांनी तब्येत ठीक नाही असं सांगून नुसतं दूध घेतलं. मी म्हणालो, मॅडमना पत्र टाकून विचारू. गुणाजीने बोटं मोजली. जायला बारा दिवस, यायला बारा. "तोवर साहेबाला हँगरवर टांगावं लागेल, शर्टासारखा."

मंगळवारी दुपारी तो धापा टाकत स्टोअरमध्ये आला. हातात ती परात.

"मास्तर, बघ."

वरचं पाणी त्याने ओतून टाकलं होतं. तळाला पांढराशुभ्र थर बसला होता, बोट घातलं तर चिकट, घट्ट.

"काय आहे हे?"

"मला विचारतोस? खळ हाय ही! तांदळाची करतो ती खळ. बटाट्यात असते, आणि मी दोन दिवस गटारात सोडतोय."

"म्हणजे?"

"रुमाल काढ."

मी खिशातला रुमाल दिला. ऐन ड्यूटीत हा माणूस मला शेजारच्या लाँड्रीत घेऊन गेला. थोडी खळ पाण्यात कालवून उकळली, रुमाल बुडवून पिळला, इस्त्री फिरवली आणि माझ्या डोळ्यांसमोर उभा धरला. रुमाल पत्र्यासारखा ताठ. त्याने त्यावर टिचकी मारली. टक्क आवाज आला.

"खळीने कॉलर कडक होते, मग बटाटा का नाय होणार? मॅडमने पीळ म्हटलं, धू म्हटलं नाय. पिळलेलं पाणी बसू द्यायचं आणि खाली राहील ते परत घालायचं. तीस वर्षांचा परीट मी, आणि खळ फेकून दिली! बायजाबाईला कळलं तर मला घरात घेणार नाय."

मंगळवार आणि बुधवार साहेब प्लँटवरच राहिले. तेवढ्यात गुणाजीने दहा किलो बटाट्यांवर हात बसवला. नापास झालेला माल आमच्या बराकीत यायचा. आमच्या खोलीतल्या शौकतने बुधवारी एक तोंडात टाकला, दाताखाली आवाज झाला आणि तो चावायचा थांबला. "हा तर बोलतो," तो म्हणाला. त्यावर गुणाजीने उरलेले त्याच्यापुढून काढून घेतले. पास झाले होते ना!

गुरुवारी साहेबांना सुटी, आणि गुरुवारी संध्याकाळी मॅडमचा फोन ठरलेला. तिकडे तेव्हा सकाळ असायची. फोन स्वयंपाकघराच्या भिंतीवर होता. साहेब रिसीव्हर धरून उभे होते, गुणाजी तव्यापाशी, मी पत्र घेऊन कोपऱ्यात. आता ते पत्र मला पाठ होतं, पण गुणाजीने कागदच हवा म्हणून हट्ट धरला होता.

"हो, जेवतो मी, एडिथ," साहेब सांगत होते. "भरपूर जेवतो."

गुणाजीने माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीकडे पाहिलं. त्याने पहिला गोळा तेलात सोडला.

चर्रर्र झालं आणि साहेब बोलायचे थांबले. कांद्याचा, बटाट्याचा वास खोलीभर पसरला. पलीकडून मॅडमचा आवाज आला, एवढा मोठा की साहेबांना नावाने मारलेली हाक आम्हालाही ऐकू आली. "सोल! हा आवाज कसला?"

 साहेबांनी रिसीव्हर कानावरून काढला, वायर ताणत ताणत तव्याजवळ आले आणि रिसीव्हर तेलावर धरला. तिघेही पुरुष श्वास रोखून उभे. तव्यात चर्रर्र चाललेलं. पलीकडे सात समुद्रांपार एक ऑपरेशन झालेली बाई ऐकत होती.

आवाज हळूहळू बारीक झाला.

"नाऊ!" रिसीव्हर ओरडला. "टर्न इट नाऊ!"

गुणाजीने उलटवला. जुन्या बुटासारखा तांबूस, कडेला जाळीदार, एक धागा सुटलेला नाही.

साहेबांनी ताटाची वाट पाहिली नाही. दुसरी बाजू होताच बोटांनी उचलला, भाजलं म्हणून या हातातून त्या हातात केला, फुंकर मारली आणि उभ्यानेच चावला. कुर्रर्र.

रिसीव्हर त्यांच्या दुसऱ्या हातात होता. पलीकडे एकदम शांत झालं. मला वाटलं लाइन तुटली.

"एडिथ?" तोंड भरलेलं असल्यामुळे साहेबांना नाव नीट घेता आलं नाही.

"बोलू नकोस," मॅडमचा आवाज अगदी खाली आला होता. "खा. मी ऐकते आहे."

मग ते खात राहिले आणि त्या ऐकत राहिल्या. दोन, तीन, चार. मध्येच साहेब पाठ फिरवून भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. पाचवा त्यांनी तसाच मागे न बघता हात मागे करून घेतला, आणि गुणाजीने तो निथळून, थोडा गार करून त्यांच्या हातात ठेवला. माझ्या बाजूला वळून तो पुटपुटला, "कांदा फार हाय रे ह्यात. डोळ्यांना लागतो." त्याचा कांदा तासाभरापूर्वीच किसून झाला होता.

आठव्या संध्याकाळपर्यंत रोज तवा चढला. जानेवारीत गुणाजीने साहेबांच्या पँटची एक चुणी उसवली आणि दोरा मला आणून दाखवला, जणू तारच आली आहे.

त्याच सुमाराला मॅडमचं दुसरं पत्र आलं. मी वाचलं. "गुणाजी, आवाज बरोबर होता. पण तू ते फार लहान करतोस. लवकर गप्प होतात, म्हणजे लहान आहेत. मोठे थाप. मार्चमध्ये येते आहे, तेव्हा बघतेच."

गुणाजीने पत्राची घडी घातली, अक्षरं आतल्या बाजूला, आणि शर्टाच्या आत ठेवली. चेहरा खुलला होता.

"ओरडली बघ," तो म्हणाला. "बरी झाली."