उजव्या बाजूला जास्त घेर

माझ्या सासूबाई शिवणकाम करतात. घरालाच लागून दुकान, गळ्यात कायम टेप आणि तोंड असं फटकळ की गिऱ्हाईकसुद्धा जपून बोलतं. मीही काही कमी नाही म्हणा. त्यामुळे सुरुवातीला आमचं बिलकूल पटत नव्हतं.

मला दोनदा दिवस राहिले आणि दोन्ही वेळा मूल गेलं. मग डॉक्टरीणबाईंनी तपासण्या करून कागदावर चित्रच काढून दाखवलं. माझं गर्भाशय वरून मधोमध आत दबलेलं, पत्त्यातल्या बदामासारखं. "जन्मापासूनच असं आहे, तुमची काही चूक नाही," त्या म्हणाल्या. "मूल एका बाजूला वाढतं, जागा कमी पडते. लवकर येऊ शकतं, पायाळू असू शकतं. पण येऊ शकतं."

मला रडू आवरेना. सोबत आलेल्या सासूबाई चित्र निरखत म्हणाल्या, "म्हणजे कापडात खोट नाही, फक्त बेतलंय वेगळं. मग रडतेस कशाला?" असा संताप आला मला!

तिसऱ्यांदा पोट वाढलं ते उजवीकडेच. विकतचे गाऊन एकीकडे ताणायचे, दुसरीकडे लोंबायचे. लोक वळून बघायचे. सासूबाईंनी मला दुकानात उभं केलं, माप घेतलं आणि उजव्या बाजूला जास्त घेर देऊन गाऊन शिवला. आरशात बघून मला हसूच आलं. किती दिवसांनी हसले होते मी!

पुढे बाळ पायाळू असल्याचं कळलं. लगेच शेजारच्या काकू पोट चोळून बाळ फिरवणाऱ्या बाईला घेऊन दारात हजर. मी घाबरलेली, आडवी व्हायलाही निघाले होते. सासूबाई कात्रीसकट उठल्या.

"अहो, फिरायला जागा तरी आहे का तिथे? डॉक्टर नको म्हणाल्यात. हिच्या पोटाला कुणी हात लावायचा नाही. चहा घ्या आणि निघा!"

काकूंनी बरेच दिवस अबोला धरला. बरंच झालं.

दिवस भरायच्या आधीच कळा सुरू झाल्या आणि ऑपरेशन झालं. मुलगी. मूठभर जीव, पण आवाज आजीवर गेलेला! नवऱ्याने आणलेलं सगळ्यात लहान झबलंही तिच्या अंगावर पोत्यासारखं दिसत होतं. सासूबाईंनी पिशवीतून एक वीतभर झबलं काढलं. माझ्याच गाऊनच्या कापडाचं. अगदी चपखल बसलं.

"जागा कमी म्हटल्यावर माणूस लहानच येणार," त्या म्हणाल्या.

झबलं नीट करताना मला आतली शिवण दिसली. दोन्हीकडे चांगलं दोन दोन बोटं कापड दुमडलेलं.

"आई, एवढ्याशा झबल्यात एवढं कापड?"

"अगं, वाढणार नाही का ती?"

मी रोज जीव मुठीत धरून उठत होते, आणि ही बाई तेव्हा माझ्या लेकीच्या वाढण्याची सोय करत बसली होती. मी त्यांचा हात धरला आणि हमसून रडले. या वेळी त्यांनी कशाला रडतेस म्हणून विचारलं नाही.

ते झबलं आम्ही दोनदा उसवलं.